सतत संवादाची अट

रेलीनच्या सहलीवर कोसळलेलं पहिलं संकट म्हणजे मगर नव्हती, रानम्हैस नव्हती, की पूरही नव्हता. ते एक वाक्य होतं. राष्ट्रीय उद्यानाच्या कचेरीतून आलेल्या नियमांच्या गठ्ठ्यात, पाणी उकळून प्यावे आणि कचरा परत न्यावा यांच्या मधोमध, ते अगदी गरीब चेहऱ्यानं बसलं होतं : ‘मार्गदर्शकाने चालकाशेजारील आसनावर बसावे व उभयतांमध्ये सतत संवाद असावा.’

मार्गदर्शक म्हणजे रेलीनची आई, डल्सी. चालक म्हणजे रेलीनचा नवरा, सेल्विन.

आणि ऑस्ट्रेलियाच्या उत्तरेकडच्या त्या मुलखात जावई सासूशी बोलत नाही.

यात भांडण नाही. भांडण असतं तर मिटवता तरी आलं असतं. हा मान आहे. लग्न ठरलं त्या दिवसापासून जावयानं सासूकडे बघायचं नाही, तिचं नाव घ्यायचं नाही, ती ज्या वाटेनं येते ती वाट सोडून गवतात शिरायचं. सासूनंही तेच. जावयानं मासा मारला की पहिला वाटा सासूचा. पण तो बायकोच्या हाती जातो आणि निरोपही तिच्याच तोंडी परत येतो. सेल्विन आणि डल्सी इतकी वर्षं एकाच वस्तीवर, हाकेच्या अंतरावर राहत होते. डल्सीला जावयाचा खोकला ओळखू यायचा, पाऊल ओळखू यायचं, तो आज कशावर चिडलाय हे त्याच्या कुऱ्हाडीच्या आवाजावरून कळायचं. पण त्याच्या नाकाबद्दल कुणी विचारलं असतं तर तिला लग्नाआधीच्या आठवणीवरच सांगावं लागलं असतं.

अशा दोघांमध्ये कचेरीला सतत संवाद हवा होता.

सहलीची कल्पना मुळात कुणाची, यावर वस्तीत अजून एकमत नाही. सहल नावारूपाला आली तेव्हा ती सगळ्यांची झाली. त्या कोरड्या हंगामात मात्र ती एकट्या रेलीनची होती. कारण गरज तिची होती. वस्तीजवळ काम नव्हतं. सेल्विनला डार्विनमध्ये पाण्याचा टँकर चालवायची नोकरी सांगून आली होती आणि सोमवारी उत्तर द्यायचं होतं. पाहुण्यांना उद्यान दाखवायच्या या सहलीचा परवाना मिळाला तर इथंच राहता येणार होतं. नाही मिळाला तर पोरीला काखेत मारून शहर गाठायचं. आणि डल्सी शहरात येणार नव्हती.

“तुम्ही जा,” ती म्हणाली होती. “मी आहे इथं.”

भांडणारी आई रेलीनला परवडली असती. ‘तुम्ही जा’ म्हणणारी आई तिला मुळीच परवडत नव्हती.

तेव्हा, परवाना. आधी अर्ज एकदा परत आला होता, कारण ‘मार्गदर्शकाची पात्रता’ या चौकोनात डल्सीनं ‘इथंच जन्मले’ असं लिहायला सांगितलं होतं. कचेरीनं कळवलं की जन्म ही पात्रता धरता येत नाही. यावर डल्सी म्हणाली, “मग त्यांना विचार, ते कुठं शिकले जन्मायला?” रेलीननं ते लिहिलं नाही. शेवटी असं ठरलं की कचेरीचे पाईकसाहेब स्वतः एक दिवस सहलीला येतील, सगळं पाहतील आणि संध्याकाळी जागेवरच काय ते सांगतील.

ही बातमी वस्तीत पसरली आणि सल्ले सुरू झाले. त्या वस्तीत मीठ उसनं मागायला चार घरं फिरावं लागायचं, सल्ला मात्र झोपल्या जागी मिळायचा.

“पडदा लाव,” क्वीनीमावशी म्हणाली. “त्याच्या पाठीमागं पडदा. सोपं आहे. माझी फुलाफुलांची चादर घे.”

“आणि आरसा?” क्लॅरीमामानं विचारलं. मामा हा वस्तीतला तांत्रिक बाबींचा माणूस. त्यानं एकेकाळी गुरांच्या ट्रकवर काम केलं होतं आणि त्यानंतर काहीच केलं नव्हतं. “मागचा आरसा विसरलात! आरशात दिसली म्हणजे दिसलीच की. आरसा काढा.”

“आरसा काढला तर गाडी तपासणीत नापास होईल, मामा.”

“मग मोजा घाला.”

“कुणाला?”

“आरशाला!”

अशा रीतीनं फुटबॉल क्लबची जुनी पिवळी मिनिबस सहलीसाठी सज्ज झाली. तिच्या दोन्ही अंगांवर क्लबनं जबडा वासलेली मगर रंगवलेली होती, ती आपोआपच विषयाला धरून झाली. आत चालकाच्या पाठीमागं, मासे धरायच्या दोरीवर, मावशीची फुलाफुलांची चादर. आणि आरशावर सेल्विनचा मोजा, धुतलेला.

“धुतलाय ना?” रेलीननं तीनदा विचारलं.

“तुझ्या आईंच्या दिशेनं तोंड करून टांगायचाय तो,” सेल्विन दुखावून म्हणाला. “न धुता टांगेन?”

सेल्विनबद्दल एक गोष्ट सांगायला हवी. तो या नदीकाठचा नव्हता. तो दक्षिणेकडच्या वाळूच्या मुलखातला. त्यांच्याकडे नद्या होत्या, पण त्यांत पाणी असल्याचं त्यानं क्वचितच पाहिलं होतं. पाण्याला तो घाबरायचा आणि आपण घाबरतो हे कुणाला कळलं असेल याला त्याहून घाबरायचा.

सकाळी पाईकसाहेब आले. लांब मोजे, गुडघ्यापर्यंतची खाकी विजार, छातीशी धरलेली फळी, तिला चिमट्यानं लावलेले कागद. बरोबर मेलबर्नकडचे पाहुणे होते. त्यांत मोठ्या टोपीच्या एक बाई, त्यांचे बोलायची सवय सुटलेले यजमान आणि मगर पाहायचीच असा निश्चय करून आलेला एक तरुण. डल्सी मागच्या दारानं आधीच आत जाऊन सर्वांत शेवटच्या बाकावर, खिडकीकडे तोंड करून बसली होती. सेल्विन पुढे, काचेतून थेट समोर पाहत, मान अवघडल्यासारखा. त्याच्या शेजारी रेलीन, मांडीवर सात महिन्यांची टेसा.

“मार्गदर्शक इथं पाहिजेत,” पाईकसाहेब रेलीनच्या आसनाकडे बोट दाखवत म्हणाले.

“मी मार्गदर्शकांचं तोंड आहे, साहेब. त्या मागे बसतात, मी पुढे बोलते.”

साहेबांनी चादर पाहिली. मोजा पाहिला. आवाज खाली आणून विचारलं, “काही भांडण वगैरे आहे का यांचं?”

“नाही हो. मान आहे.”

“मानपान,” साहेब समजुतीनं म्हणाले आणि कागदावर काहीतरी लिहिलं. रेलीनला ते उलट्या बाजूनं वाचता आलं : ‘कौटुंबिक तणाव.’

बस निघाली.

“त्यांना सांग, पुढं डाव्या अंगाला रानम्हशींनी उकरलेला खड्डा आहे,” मागून डल्सीचा खणखणीत आवाज.

“पुढं खड्डा आहे, आई म्हणते,” रेलीननं सांगितलं.

“त्यांना सांग, दिसलाय,” सेल्विन.

“दिसलाय म्हणतो, आई.”

“पण त्यांनी ऐकलं की!” पाईकसाहेब मधल्या बाकावरून म्हणाले. “सगळ्या गाडीनं ऐकलं!”

“ऐकलं, साहेब,” सेल्विन सौजन्यानं म्हणाला. “पण मला सांगितलं नव्हतं.”

खिडक्या उघड्या होत्या. पहिल्याच मोकळ्या माळावर वाऱ्यानं फुलाफुलांची चादर उचलली आणि सेल्विनच्या डोक्यावर घातली. काही क्षण बस एका मोठ्या पुष्पगुच्छानं चालवली. रेलीननं एका हातानं टेसा आणि दुसऱ्या हातानं चादर धरली तेव्हा एक उंच वारूळ उजवीकडून निघून गेलं. ते अगदी जवळून गेलं, त्यामुळे पाहुण्यांना मुंग्या स्पष्ट पाहता आल्या, असं क्वीनीमावशी पुढे सांगायची. मावशी गाडीत नव्हती.

आता सहलीत काय दाखवायचं, हे रेलीननं आईशी आठवडाभर ठरवलं होतं. तळ्यावरची काळीपांढरी रानबदकं, लाल पायांचा उंच करकोचा, कांगारू, मगरी. मग खडकावरची जुनी चित्रं. डल्सीनं सगळ्याला मान हलवली होती. पण मान हलवणं म्हणजे कबूल करणं नव्हे, हे रेलीनला या वयात तरी कळायला हवं होतं.

“हे झाड बघा,” पहिल्या थांब्यावर डल्सी म्हणाली. कागदासारखी साल सुटलेलं मोठं झाड होतं. पाहुण्यांनी कॅमेरे काढले. “या झाडाखाली माझ्या या पोरीनं पहिला पाणसाप धरला. आम्ही बायका चिखलात पायानं चाचपून पाणसाप धरतो. हिनं धरला, तोंडानं मान चावायची सोडून त्यालाच विचारत बसली, ‘लागलं का तुला?’ साप गेला निघून. रात्री सगळ्यांनी नुसती कंदमुळं खाल्ली.”

पाहुणे हसले. सगळ्यांनी वळून रेलीनकडे पाहिलं. मगरवाल्या तरुणानं तिचा फोटो काढला.

“आई, बदकं दाखव,” रेलीन दातांत म्हणाली.

“दाखवते ना. ती बघा बदकं. यांच्या मागं धावताना हिची चड्डी—”

“आई!”

आणि असंच चाललं. करकोचा आला, पण तो कुठं उभा होता, तर रेलीनचा पहिला दात पडला त्या चिखलात. कांगारू आले, पण त्यांच्या मागं जे टेकाड होतं, तिथं रेलीन एकदा रुसून लपली होती आणि तिथंच झोप लागल्यामुळे सगळी वस्ती तिला शोधत फिरली होती. खडकावरच्या चित्रांपाशी मात्र डल्सीनं रेलीनचं नाव काढलं नाही. काही चित्रांच्या गोष्टी तिनं सांगितल्या. काहींपुढं हात आडवा धरून म्हणाली, “ही तुमच्यासाठी नाहीत,” आणि इतक्या सहजपणे म्हणाली की मोठ्या टोपीच्या बाईंनी “सॉरी हं” म्हणून कॅमेरा पिशवीत घातला.

पाईकसाहेब लिहीत होते. रेलीननं वाकून पाहिलं : ‘वन्यजीवन — मर्यादित. मार्गदर्शकाच्या मुलीविषयी — भरपूर.’

तिचे कान तापले. उद्यान पाहायला आलेल्या परक्या माणसांना तिची गळकी नाकं आणि सुटलेल्या चड्ड्या पाहायला लागत होत्या. पण खडक उतरताना ती थोडी मागं राहिली आणि त्याच वाटेकडे पाहत उभी राहिली. ही वाट तेव्हा पायांची होती. पाऊस संपला, उंच गवत वादळानं आडवं झालं, की सगळे निघायचे. पुढं आजोबा, मधे मावश्यांच्या डोक्यांवर टोपल्या, शेवटी आई. पाय दुखले म्हटलं की आई खांद्यावर घ्यायची आणि तिथून माळ दिसायचा तो अजून कुठल्याच गाडीतून दिसला नव्हता. कमळांच्या बिया सोलून कुणीतरी वर हातात द्यायचं. कोण द्यायचं? हात आठवत होता, चेहरा नाही. त्या रांगेतले आता कितीतरी जण नव्हते. प्रत्येक झाडापाशी आई त्यातल्याच कुणाला तरी शोधत होती आणि गेलेल्या माणसांची नावं घ्यायची नसतात म्हणून रेलीनचं घेत होती.

“रेलीन,” सेल्विननं खालून हाक मारली. “तुझ्या आईंना सांग, चहा झालाय.”

“त्यांना सांग, वास आला,” झाडामागून डल्सी म्हणाली.

जेवणाच्या वेळी मोठा अनर्थ झाला. तो पाईकसाहेबांच्या चांगुलपणामुळे झाला. वाईट माणूस आला असता तर इतकं काही झालं नसतं.

झालं असं, की रेलीन टेसाला टोपीवाल्या बाईंकडे देऊन तळ्याकाठी कमळांचे देठ धुवायला गेली. डल्सी एका झाडाखाली, पाठ करून, राखेत भाजलेली जाड भाकर झटकत होती. सेल्विन बऱ्याच अंतरावर दुसऱ्या झाडाखाली, पाठ करून, मासा उलटत होता. दोन पाठींमध्ये पाईकसाहेब बसले होते आणि त्यांना राहवेना.

“असं बघ,” त्यांनी सेल्विनच्या खांद्यावर हात ठेवला. “माझ्याही सासूबाई माझ्याशी बोलायच्या नाहीत. मी पण म्हटलं, नाही तर नाही. त्या अबोल्यात माझा संसार गेला. तुझं तसं नको व्हायला. चल. नुसता हात मिळव.”

“साहेब, तसं नाही—”

“तसंच असतं!” आणि त्यांनी त्याला दंडाला धरून गर्रकन वळवलं. त्याच दमात मागं हाक दिली, “डल्सीबाई, जरा इकडं बघा!”

रेलीननं ते तळ्यावरून पाहिलं. “आई, बघू नकोस!” ती ओरडली. “सेल्विन, वळ! वळ! साहेब, सोडा त्याला! आई, तिकडं नाही, तिकडं तो आहे!” इतकं मोठ्यानं ती टेसाच्या जन्माच्या वेळीही ओरडली नव्हती. शेवटच्या हाकेला तिच्या घशात काहीतरी फाटल्यासारखं झालं आणि तिथून पुढं नुसती हवा येऊ लागली.

डल्सीनं मात्र प्रसंगावधान राखलं. तिनं भाकरीवर झाकायचं पातेलं उचललं आणि डोक्यावर उपडं घातलं, थेट हनुवटीपर्यंत. पातेल्याखाली ती ताठ बसून राहिली. सेल्विननं डोळे गच्च मिटले आणि तो उलट्या पावलांनी चालत सुटला. मासा, शेकोटी, पाहुण्यांच्या चपला ओलांडून तो तळ्यात कंबरेपर्यंत गेला आणि पाण्याकडे तोंड करून उभा राहिला.

“मगर!” तरुण आनंदानं किंचाळला. “तिथं मगर आहे! त्या ओंडक्यापाशी!”

“बाहेर ये!” पाईकसाहेबांचा रंग उडाला होता. “अरे बाहेर ये!”

“मगरीचं मी बघतो,” पाण्याला घाबरणारा सेल्विन म्हणाला, आणि आवाज थरथरत होता तरी मान हलली नाही. “आधी त्यांना तिकडं जाऊ द्या.”

रेलीननं आईला पातेल्यासकट हाताला धरून बसमध्ये नेऊन बसवलं. नंतर सेल्विन बाहेर आला. मगर ओंडक्यापाशी होती तशीच होती; तिच्या आयुष्यात असं काही पहिल्यांदाच आलं असावं, आणि तिलाही काय करावं ते सुचलं नसावं.

परतीच्या वाटेवर पाईकसाहेब फार गंभीर झाले होते. “सुरक्षेचा प्रश्न आहे,” ते म्हणाले. “पुढच्या आसनावर आता मी बसतो. मुलीनं बाळाला घेऊन मागं बसावं.” रेलीननं तोंड उघडलं, हवा आली. ती मागं, चादरीपलीकडे, आईशेजारी जाऊन बसली. टँकरवाल्याची बायको झाल्यावर कुठल्या गल्लीत राहावं लागेल, याचा विचार तिनं बळंच दूर ढकलला.

आणि मग नदी आली.

नदीवरची ती वाट म्हणजे पाण्याखालून गेलेला दगडी बांध. भरती नसली की घोट्याएवढं पाणी. भरती चढू लागली की बांध कुठं संपतो ते दिसत नाही. जेवणाच्या गोंधळात उशीर झाला होता. समुद्राकडून, पश्चिमेनं, पाणी वर सरकत होतं आणि बांधाच्या त्या अंगाला पावसाळ्यानं खाली मोठी घळ कोरली होती. ती घळ फक्त डल्सीला माहीत होती. तिची चाहूल तिला पाण्याच्या रंगावरून लागत असे. सेल्विननं बस पाण्यात घातली. मधोमध आल्यावर पाणी दाराच्या पायरीला लागलं.

“पूर्वेला घ्या म्हणावं,” मागून डल्सी.

रेलीनच्या तोंडून हवा. पुढच्या आसनावर पाईकसाहेबांना अचानक उमगलं की आता सतत संवाद म्हणजे आपणच.

“पूर्व म्हणजे?” ते चादरीकडे वळून ओरडले. “डावी की उजवी?”

“पूर्व म्हणजे पूर्व!” डल्सी थक्क झाली. माणसाला लांब मोजे देणाऱ्यांनी दिशा दिल्या नाहीत, हे तिच्या कल्पनेपलीकडचं होतं.

“डावीकडे!” पाईकसाहेबांनी सेल्विनला ठामपणे सांगितलं.

सेल्विननं ऐकलं होतं पूर्व. त्याला सांगितलं गेलं होतं डावीकडे, म्हणजे पश्चिम. ऐकलेलं आणि सांगितलेलं यांच्यात तो निमिषभर लटकला. सासूचा शब्द कुणी पोचवल्याशिवाय घ्यायचा नाही, हे त्याच्या हाडांत होतं. त्यानं डावीकडे घेतलं. गाडी कलली. पुढचं डावं चाक, नेमकं पाईकसाहेबांच्या आसनाखालचं, काठावरून घसरलं आणि दाराच्या फटीतून पाणी साहेबांच्या लांब मोज्यांत शिरलं.

“आता काय सांगू?” साहेब मागं ओरडले. तेवढ्यात खालच्या अंगाला पाण्यातून एक खडबडीत पाठ वर आली आणि साहेबांच्या तोंडून यानंतर काहीच आलं नाही. टोपीवाल्या बाईंनी यजमानांचा हात धरला. टेसा रडू लागली. रेलीननं आईकडे पाहिलं.

डल्सी उभी राहिली. तिनं खिडकीबाहेर डोकं काढलं आणि नदीला, झाडांना, काठावर न दिसणाऱ्या पूर्वजांना हाक घातली. नदी ओलांडताना जुन्या माणसांना सांगून जायचं असतं. पण इतक्या तपशिलानं त्यांना आजवर कुणी सांगितलं नव्हतं.

“अहो म्हातारे लोकहो! मी आलेय, ओळखलंत ना? ही गाडी जरा पूर्वेला ओढा. सूर्य मागं टाकून. अजून. अजून थोडी. आता थांबा! जरा मागं घ्या. हळू, घाई कसली आहे तुम्हाला, मेलेलेच आहात! हां. आता पूर्वेलाच ठेवा आणि पुढं ढकला. जोर लावा!”

आणि काय आश्चर्य, म्हातारे लोक ऐकू लागले. बस मागं आली. बस पूर्वेला वळली. चाकानं दगड धरला.

“हे जे चालवतायत ना,” डल्सी ओरडतच होती, पण आवाज थोडा बदलला होता, “ते पाण्यातले नाहीत, वाळूतले आहेत. पण आज माझ्यासाठी मगरीजवळ जाऊन उभे राहिले. भाकरीच्या पातेल्यातून ऐकलं मी सगळं. आपलेच आहेत ते. त्यांना नीट पलीकडे न्या. ते इथं नाही बसले तर माझी पोर इथं नाही बसायची, आणि मी एकटी तुमच्याशी बोलून बोलून किती बोलणार?”

चादरीपलीकडे इंजिन एकदा जोरानं गुरगुरलं आणि बस पाणी झटकत काठावर चढली.

“त्यांनी आणलं,” टोपीवाल्या बाई भारावून म्हणाल्या. “त्या पूर्वजांनी आणलं!”

“हो,” सेल्विन म्हणाला. “गाडीवर हात त्यांचाच चांगला आहे.”

वस्तीवर पोचल्यावर पाहुणे आपापल्या गाड्यांकडे गेले. पाईकसाहेब मोजे पिळत रेलीनपाशी आले.

“सतत संवाद होता,” ते म्हणाले. “अट पुरी झाली, परवाना मिळाला समज. माझ्या घरी सगळ्या वर्षांत मिळून एवढा झाला नाही. आसनाचं मी वर कळवतो. मार्गदर्शक गाडीत कुठंही बसू दे, पडद्यासह. पण त्या बाईंना एक सांगशील? मुलीचे किस्से कमी करू नका म्हणावं. मगर काय, कुठंही दिसते.” आणि गाडीत बसता बसता त्यांनी विचारलं, “ही तुमची रीत बाहेरच्यांना लागू करता येते का? माझ्या सासूबाई अजून आहेत.”

गाडीची धूळ बसली. रेलीन वळली.

डल्सी आंब्याखाली, पाठ करून, चहा उकळायच्या डब्याखाली काटक्या सरकवत होती. सेल्विन बसच्या इंजिनावरचं झाकण उघडून, पाठ करून, उगाच काहीतरी पुसत होता. दोघांनीही साहेबांचं बोलणं ऐकलं नव्हतं. दोघांचेही कान मात्र मागं वळले होते.

“काय म्हणाले गं?” एकदम दोन बाजूंनी आलं.

रेलीननं तोंड उघडलं. हवा. तिनं पुन्हा प्रयत्न केला. एक बारीक किंचाळी निघाली, तिला टेसा हसली.

मग ती त्या दोघांच्या मधोमध आली आणि जमिनीवर बसली. पाय लांब पसरले, टेसाला मांडीवर घेतलं, केस सोडले, आणि ज्या माणसाला कुठंच जायचं नाही त्याच्यासारखं सगळं अंग मातीवर सोडून दिलं. तिच्या भाषेत राहण्याला वेगळा शब्द नव्हता. माणूस जिथं बसतो तिथं तो राहतो.

काटक्यांचा आवाज थांबला. पाठ फिरवलेल्या डल्सीला दिसत नव्हतं, तिनं चहाच्या डब्याला विचारलं, “बसली का?”

सेल्विननं खांद्यावरून रेलीनकडे पाहिलं. मग तो इंजिनला म्हणाला, “बसली. पाय पसरून.”

कुणाच्याही मार्फत नाही, कुणालाही नाही. आंब्याखाली डल्सीचे खांदे हलू लागले. बसच्या झाकणाखाली सेल्विनचे. एकमेकांना पाठ करून दोघं हसत होते, एकाच गोष्टीला, डोळ्यांत पाणी येईपर्यंत, आणि मधे बसलेल्या रेलीनला इकडून तिकडे काहीही पोचवायचं नव्हतं.